पोथी, बावटा आणि बोईसरचा नाका

पालघरात रिक्षावाल्याला ‘पाचबत्ती’ एवढं म्हटलं की पुरतं. १४ ऑगस्ट १९४२ रोजी ‘चले जाव’च्या मोर्च्यावर झालेल्या गोळीबारात पाच जण पडले, त्यांच्या स्मरणाचा हा हुतात्मा चौक. याच जिल्ह्याच्या डोंगरपट्टीत आणखी पाच जणांचं एक स्मरण आहे. १० ऑक्टोबर १९४५ रोजी तलवाड्याला जमलेल्या वारल्यांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि जेठ्या गांगड व इतर चौघे गेले. ते दुसरं स्मरण शहरात फारसं पोचत नाही. लाल बावट्याची माणसं मात्र तो दिवस आजही पाळतात.

ही दोन पंचकं शेजारी ठेवली की एक अडचणीचा प्रश्न उभा राहतो. पालघरच्या चौकात गोळी चालली तेव्हा कम्युनिस्ट पक्ष कुठे होता? तो विरुद्ध बाजूला होता. हिटलरने रशियावर हल्ला केल्यानंतर चालू युद्ध हे ‘लोकयुद्ध’ झालं, म्हणून ब्रिटिशांच्या युद्धप्रयत्नात अडथळा आणायचा नाही, संप टाळायचे, उत्पादन वाढवायचं, अशी पक्षाची लाईन होती. जुलै १९४२ मध्ये सरकारने पक्षावरची बंदीही उठवली. मराठीतलं पक्षाचं साप्ताहिक ‘लोकयुद्ध’ याच नावाने निघत असे. मग याच पक्षाने तीन वर्षांच्या आत त्याच जिल्ह्यात गेल्या शतकातला एक मोठा आदिवासी उठाव उभा केला, तो कसा?

अधिकृत उत्तर सोपं आहे: परिस्थिती बदलली, लाईन बदलली. मला हे उत्तर पुरेसं वाटत नाही, आणि ते का वाटत नाही हे सांगण्यासाठीच हा लेख आहे.

टिटवाळ्याला जानेवारी १९४५ मध्ये महाराष्ट्र किसान सभेची परिषद भरली. तेव्हाच्या उंबरगाव तालुक्यातून काही वारली तिथे आले आणि त्यांच्यातला माह्या धांगडा उभा राहून बोलला. वेठ काय असते, लग्नापुरत्या कर्जापायी नवरा-बायको सावकाराच्या दारात जन्मभर कसे राबतात, हे त्याने सांगितलं. लग्नासाठी गहाण पडलेल्या या माणसाला तिकडे ‘लग्नगडी’ म्हणत. पुढे २३ मे १९४५ रोजी झरी गावात पाचेक हजार वारली जमले आणि वेठ बंद, लग्नगडी बंद, असा निर्धार झाला. त्या दिवशी जपानशी युद्ध चालूच होतं. लोकयुद्धाच्या पोथीत या निर्धाराला जागा शोधावी लागली असती. ती कुणी शोधत बसलं नाही, एवढं पक्षाचं किसान सभेतलं काम पाहणाऱ्या शामराव आणि गोदावरी परुळेकर या जोडप्याचं मोठेपण. मागणी डोंगरातून आली, पक्ष तिच्या मागे गेला. ऑक्टोबरात गवतकापणीचा संप झाला तो पाचशे पौंड गवताला अडीच रुपये मिळावेत म्हणून. वारल्यांनी कापलेलं हे गवत मुंबईच्या तबेल्यांतल्या म्हशी खात. गोदूताई तलवाड्याला येणार, त्यांच्या जिवाला धोका आहे, अशी आवई संप मोडण्यासाठी उठवण्यात आली. लोक काठ्या-कोयते घेऊन धावत आले, आणि दंगल उसळली म्हणून पोलिसांना तिथे उभं करण्यात आलं.

शामराव तरी कुठल्या पोथीतून आले होते? आधी गोखल्यांची भारत सेवक समाज संस्था, मग बाबासाहेबांचा स्वतंत्र मजूर पक्ष. १९३७ साली ते त्या पक्षाचे आमदार झाले, आणि जानेवारी १९३८ मध्ये खोती रद्द व्हावी म्हणून मुंबईच्या विधिमंडळावर शेतकऱ्यांचा जो मोर्चा गेला त्यात ते आघाडीवर होते. कम्युनिस्ट झाले ते त्यानंतर. गोदावरीबाई तर भारत सेवक समाजाच्या पहिल्या स्त्री आजीव सदस्य, वकिलीची सनद घेतलेल्या, गोखल्यांच्या घरातल्या. त्यांचं ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हे पुस्तक १९७० साली आलं, १९७२ साली त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. ते वाचताना सिद्धान्त मागे राहतो आणि माणसं पुढे येतात. सांगायचं ते इतकंच की पालघरच्या डोंगरातली ‘निष्ठावंत’ परंपरा जन्मतःच भेसळीची आहे. सेवाभाव, खोतीविरोध आणि मार्क्स एकाच शबनममध्ये घालून ती डहाणू स्टेशनवर उतरली.

मराठीत आपण ‘पोथीनिष्ठ’ हा शब्द कम्युनिस्टांसाठी फार सढळ हाताने वापरतो. त्यात गृहीत असं असतं की पोथी बदलत नाही आणि निष्ठावंत तिला चिकटून बसतो. पण पोथी सांगणारा कसा सांगतो ते कुठल्याही देवळात जाऊन पाहावं. अर्थ दरवर्षी बदलतो, आणि दरवर्षी तो हेच पोथीत होतं म्हणून सांगतो. भारतीय कम्युनिस्टांचं तसंच झालं. १९४२ ला लोकयुद्ध. १९४८ च्या कलकत्ता काँग्रेसमध्ये बी. टी. रणदिवे सरचिटणीस झाले आणि लगोलग उठावाची हाक. तेलंगणात लढणारे आंध्रचे कॉम्रेड चीनच्या वाटेने जायचं म्हणत होते, तर रणदिव्यांनी १९४९ मध्ये थेट माओलाच मार्क्सवादाबाहेर काढायचा प्रयत्न केला. दोनेक वर्षांत रणदिवे पदावरून गेले आणि पक्ष निवडणुकीला उभा राहिला. प्रत्येक वळणाला ‘शास्त्रीय’ म्हटलं गेलं. म्हणून निष्ठावंतांवरचा माझा आक्षेप ताठरपणाचा नाही. बदलण्यात त्यांचा हात कुणी धरणार नाही. बदल कुणी सुचवला, आधी तो कुणाच्या तोंडी होता, हे मात्र ते लिहून ठेवत नाहीत. उधारी घेतली, खात्यावर चढवली नाही.

जगातही हीच रीत दिसते. दुसऱ्या आंतरराष्ट्रीयच्या काळात कार्ल काउट्स्की हा मार्क्सवादाचा पोप मानला जाई. १९१८ साली लेनिनने त्याच्यावर पुस्तिका लिहिली आणि तो ‘पळपुटा’ झाला. ग्यॉर्ग लुकाचने १९१९ साली ‘निष्ठावंत मार्क्सवाद म्हणजे काय’ याच प्रश्नावर निबंध लिहिला. मार्क्सचं एकूण एक विधान चुकीचं ठरलं तरी निष्ठावंताला मार्क्सवादी राहता येतं, कारण निष्ठा पद्धतीशी असते, निष्कर्षांशी नाही, असं त्याचं म्हणणं होतं. निष्ठेची याहून उदार व्याख्या मला माहीत नाही. पुढे १९२३ साली हा निबंध त्याच्या पुस्तकात आला आणि १९२४ च्या कॉमिन्टर्न परिषदेत झिनोव्हिएवने त्याचीच हजेरी घेतली. निष्ठेची व्याख्या करणाराच पाखंडी. रोझा लुक्झेंबुर्ग १९०४ पासून लेनिनला सांगत होती की केंद्राला सगळं कळतं असं मानणारा पक्ष लोकांच्या चुकांतून शिकण्याची संधी घालवून बसतो. तिचा पुतळा सगळ्यांनी उभारला, म्हणणं बाजूला ठेवलं.

आपल्याकडे या कुळातला सगळ्यात तीक्ष्ण माणूस दामोदर धर्मानंद कोसंबी. कम्युनिस्ट पुढारी डांगे यांचं आदिम साम्यवाद ते गुलामगिरी असा भारताचा इतिहास मांडणारं पुस्तक १९४९ साली निघालं. कोसंबींनी त्याच वर्षी त्याचं परीक्षण लिहिलं आणि एखाद्या नापास विद्यार्थ्याची उत्तरपत्रिका तपासावी तशी तपासणी केली. आक्षेप हा की युरोपातल्या पायऱ्या उचलून भारतावर ठेवल्या आहेत; इथला पुरावा काय सांगतो ते पाहिलेलंच नाही. स्वतः कोसंबी मार्क्सवादी, आणि तेही पक्के. १९५७ च्या निबंधसंग्रहात त्यांनी ‘अधिकृत मार्क्सवादा’साठी दोन अक्षरांचं लघुरूप बनवलं, एखाद्या रोगाला देतात तसं. आता पालघरशी त्यांचा काय संबंध? पुढे सांगतो. तो तारापूरमधून जातो.

त्याआधी डोंगरातला पेच. निष्ठावंत सिद्धान्तात वारली नक्की कोण? वेठ करतो म्हणून भूदास. खंडाने जमीन कसतो म्हणून कूळ. गवत कापतो, लाकूड तोडतो म्हणून मजूर. दसऱ्यानंतर पोटासाठी वीटभट्टीवर जातो, तेव्हा आणखी काही. आणि जंगलात शिरला की यातलं काहीच नाही. मग तो मोह, डिंक, कंद, पाला, मासे, सरपण यांवर जगणारा, जे कुणाच्या एकाच्या नावावर नसतं त्याचा वाटेकरी. पक्षाने यातला कूळ उचलला. ‘कसेल त्याची जमीन’ ही घोषणा कुळाला लागू पडते. १९४८ चा कूळकायदा आला, १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरला, आणि बऱ्याच कुळांच्या नावावर जमीन झाली. ही लहान गोष्ट नव्हे. ज्याच्या आज्याला सावकाराच्या अंगणात फटके बसले त्याच्या हातात सातबारा आला. पण कुळाचा सातबारा होतो तेव्हा जंगल कुठल्या रकान्यात लिहायचं? वनखात्याच्या जमिनीवर वर्षाच्या कराराने दिलेले ‘एकसाली’ प्लॉट कसणारे, आणि कसलाच कागद नसलेले, हे सगळे घोषणेच्या कडेला उभे राहिले. घोषणा त्यांच्याही तोंडी होती. जमीन मात्र खात्याचीच राहिली.

निष्ठावंतांच्या चौकटीत न मावणाऱ्या असंतुष्टांची पहिली हाक पालघर तालुक्याच्या जंगलपट्टीतून आली. १९७० साली समाजवादी आणि कम्युनिस्ट पक्षांनी देशभर भूमिमुक्तीचं आंदोलन केलं. त्यात काळूराम धोदडे आणि त्यांचे सोबती तुरुंगात गेले. आत गेल्यावर त्यांच्या लक्षात आलं की नेत्यांना अटक व्हायची होती, ती झाली, फोटो आले. बाहेर सावकाराच्या ताब्यातली जमीन होती तिथेच आहे. तिथून भूमिसेना उभी राहिली. सावकाराने बळकावलेल्या शेतातलं उभं पीक लोकांनी स्वतः कापायचं, असा तिचा खाक्या. मधल्या काळात बाहेरून आलेल्या हितचिंतकांनी विहिरी, कर्ज, सुधारित शेती यांचा विकास सुरू केला आणि सेना मलूल झाली. मग तरुण मंडळांनी पुन्हा सगळं हातात घेतलं. आदिवासींच्या हातून गेलेल्या जमिनी परत देण्याचा कायदा १ नोव्हेंबर १९७५ पासून लागू झाला, तेव्हा त्याची अंमलबजावणी करून घेणारं संघटन जंगलपट्टीत आधीच तयार होतं. श्रीलंकेचे मार्क्सवादी जी. व्ही. एस. डी सिल्वा, बांगलादेशचे अनिसुर रहमान आणि त्यांचे सहकारी यांनी १९७९ साली भूमिसेनेवर जो अभ्यास प्रसिद्ध केला, तो जगभर वाचला गेला. मनोर ओलांडून पलीकडे तो किती जणांनी वाचला असेल, याची मला शंका आहे.

दुसरी फूट अधिक कडू. डिसेंबर १९७८ मध्ये डहाणू-तलासरीच्या भागात कष्टकरी संघटना स्थापन झाली. प्रदीप प्रभू, निकी कार्डोझो, शिराझ बलसारा ही तिची नावं. यातले काही चर्चच्या सेवेतून आलेले. संघटना थेट मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षाच्या बालेकिल्ल्यात उभी राहिली आणि पुढची काही वर्षं डोंगरात दोन लालांची मारामारी झाली, शब्दांची आणि काठ्यांचीही. एका बाजूचा आरोप: मिशनऱ्यांचे पैसे, परदेशी हात, फोडाफोडी. दुसऱ्या बाजूचा: कालचे कार्यकर्ते आजचे दलाल झाले, बावटा हे नवं वतन झालं. हे भांडण स्थानिक नव्हतं. १९८४ साली प्रकाश करात यांनी ‘द मार्क्सिस्ट’ या पक्षाच्या त्रैमासिकात लेख लिहून ‘अ‍ॅक्शन ग्रुप’ हे साम्राज्यवादी डावपेचाचं हत्यार आहेत, अशी मांडणी केली. दिल्लीत लिहिलेलं वाक्य डोंगरात काठी होऊन उतरतं, असा त्या दशकाचा अनुभव आहे. मी यात कुणाच्याही बाजूने शपथपत्र देणार नाही. परदेशी पैशाचा प्रश्न खोटा नव्हता. पैशाला मालक असतो. पण ज्या पक्षाने चाळीस वर्षांपूर्वी बाहेरून आलेल्या एका सुशिक्षित जोडप्याच्या पायावर आपला बालेकिल्ला बांधला, त्याने ‘बाहेरचे’ हा शब्द जपून वापरायला हवा होता.

याच सुमारास, याच कारणाने, महाराष्ट्रात इतरत्रही सांधे निखळत होते. धुळ्यात शरद पाटील १९७८ मध्ये मार्क्सवादी पक्षातून बाहेर पडले आणि त्यांनी सत्यशोधक कम्युनिस्ट पक्ष काढला, कारण जात हा वर्गाचा मुखवटा आहे हे त्यांना पटेना. मार्क्सच्या शेजारी फुले-आंबेडकरांना बसवल्याशिवाय इथला शोषणाचा हिशेब लागत नाही, असं त्यांचं म्हणणं. त्याही आधी, १९४२ लाच, लोकयुद्धाची लाईन न मानणारे एस. के. लिमये, यशवंत चव्हाण, दत्ता देशमुख वेगळे झाले होते आणि त्यातून पुढे लाल निशाण गट झाला. म्हणजे पाचबत्तीच्या बाजूला उभं राहावं असं वाटणारे कम्युनिस्ट तेव्हाही होते. त्यांना पक्षात जागा नव्हती.

जंगलाच्या प्रश्नावर स्वतः मार्क्स कुठे उभा असता? याचं उत्तर त्याने देऊन ठेवलं आहे, आणि ते निष्ठावंतांच्या सोयीचं नाही. फेब्रुवारी १८८१ मध्ये व्हेरा झासुलिच या रशियन क्रांतिकारक बाईने त्याला विचारलं: आमच्याकडे गावकी सामाईक जमीन कसते. तुमच्या सिद्धान्ताप्रमाणे ती मोडून आधी भांडवलशाही यायलाच हवी का? मार्क्सने उत्तराचे एकावर एक खर्डे लिहिले आणि ८ मार्चला अगदी छोटं पत्र धाडलं. त्यातला आशय असा की ‘भांडवल’मधली अपरिहार्यता आपण पश्चिम युरोपापुरती म्हटली आहे, रशियात गावकीच नव्या समाजाचा आधार होऊ शकते, तिला बाहेरून पोखरणाऱ्या गोष्टी आधी दूर केल्या तर. रशियन मार्क्सवाद्यांनी हे पत्र दाबून ठेवलं म्हणा किंवा विसरले म्हणा, पण ते छापलं गेलं १९२४ साली. मार्क्स मरून तेव्हा चार दशकं झाली होती.

झासुलिचचा प्रश्न पुढे डहाणूत विचारला गेला, तो पत्रातून नव्हे, कोर्टातून. वनजमीन कसणाऱ्याकडे कागद नाही. खातं म्हणतं कागद दाखव. प्रदीप प्रभू विरुद्ध महाराष्ट्र सरकार या खटल्यात कष्टकरी संघटनेने सर्वोच्च न्यायालयात हे मांडलं की ज्याला कधी कागद दिलाच नाही त्याच्याकडे कागद मागणं हाच अन्याय. गावातल्या म्हाताऱ्यांना विचारा, शेताची जुनी बांधबंदिस्ती पाहा. न्यायालयाने कागदाबाहेरचा पुरावा ग्राह्य धरण्याची वाट उघडली. २००६ च्या वनहक्क कायद्याच्या नियमांमध्ये पुराव्यांची यादी आहे, त्यात दावेदाराव्यतिरिक्त गावातल्या वडीलधाऱ्यांचा लिहून घेतलेला जबाब हा स्वतंत्र पुरावा आहे. सरकारी कायद्यात म्हाताऱ्याच्या आठवणीला तलाठ्याच्या नोंदीशेजारी बसवणं, हे मला गेल्या पन्नास वर्षांतलं या जिल्ह्याने देशाला दिलेलं सगळ्यात मोठं वैचारिक देणं वाटतं. ज्यांचे देव गाण्यात आहेत, जिथे लग्न लावणारी धवलेरी बाई सगळं तोंडपाठ म्हणते, त्या समाजात पुरावाही तोंडीच असणार, हे कुठल्याच पोथीने सांगितलं नव्हतं.

आणि तरीही तो कायदा असंतुष्टांनी एकट्यांनी आणला नाही. मसुदा, मोहीम, गावोगावचे पुरावे हे त्यांचं. संसदेत मात्र डाव्या पक्षांचे खासदार हवे होते, तेव्हाचं केंद्र सरकार त्यांच्या टेकूवर उभं होतं, आणि बृंदा करात यांनी तो विषय लावून धरला. १९८४ साली ज्यांना साम्राज्यवादाचं हत्यार म्हटलं, त्यांच्यासोबत वीस-बावीस वर्षांनी त्याच पक्षाने एक कायदा केला. खात्यावर काही चढलं का? मी तरी वाचलेलं नाही. मार्च २०१८ मध्ये किसान सभेचा लाँग मार्च नाशिकहून सहा दिवसांत मुंबईत आला, पायाच्या कातड्या सोलवटलेल्या, हातात लाल बावटे. त्यातल्या पहिल्या मागण्यांत वनहक्काचे दावे होते. बावट्याने जंगल शेवटी आपल्या रकान्यात घेतलं.

निष्ठावंतांच्या बाजूने एक मुद्दा मात्र मांडलाच पाहिजे, तो असंतुष्ट नेहमी टाळतात. टिकणं ही सुद्धा एक विचारसरणी आहे. शामराव १९५७ ला ठाण्यातून लोकसभेवर गेले. १९६५ साली तुरुंगातच वारले. १९७७ ला लहानू कोम डहाणूतून लोकसभेवर गेले. २०१९ आणि २०२४ या दोन्ही निवडणुकांत डहाणूची विधानसभेची जागा मार्क्सवादी पक्षाचे विनोद निकोले यांनी जिंकली. बंगालात जे उरलं नाही ते तलासरीत उरलं आहे. परुळेकरांच्या नावाचं महाविद्यालय तिथे उभं आहे. जिच्या पणजोबाला अंगठा उठवायला लावत ती मुलगी तिथे वाणिज्य शाखेला बसते. भूमिसेनेची लाट आली तशी ओसरली. तालुक्याच्या कचेरीत गुरुवारी कोण बसतं, दाखल्याचा अर्ज कोण भरून देतं, यावरच चळवळ माणसाला आपली वाटते. असंतुष्टांना प्रश्न लवकर दिसतो. गुरुवारी कचेरीत ते असतीलच असं नाही.

आता तारापूर. ऑक्टोबर १९६९ मध्ये भारतातलं पहिलं अणुवीज केंद्र तिथे चालू झालं. लेनिनने सोव्हिएत सत्ता आणि वीज यांची बेरीज म्हणजे साम्यवाद असं समीकरण मांडल्यापासून मोठं यंत्र, मोठी भट्टी, मोठं धरण यांच्याशी निष्ठावंतांचं भांडण कधीच नव्हतं. भांडण मालकीचं. यंत्र लोकांचं झालं की यंत्र चांगलं. कोसंबींनी इथेच पाचर मारली. होमी भाभांच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत गणित करणारा हा माणूस साठच्या सुमारास जाहीरपणे सांगत होता की भारतासारख्या उन्हाच्या देशाने अणूच्या मागे लागणं हा वेडेपणा आहे. सूर्याची ऊर्जा विखुरलेली असते, ती गावागावात वापरता येते, तिला दिल्लीचा पहारा लागत नाही. १९६२ मध्ये संस्थेने त्यांचा करार वाढवला नाही. १९६६ ला ते गेले, तारापूर चालू व्हायच्या आधी. वीज कुणाच्या मालकीची, एवढ्यावर न थांबता ती कुठल्या जातीची, असं त्यांनी विचारलं. पोखरणाऱ्या प्रश्नांत मला हा सगळ्यात पुढचा वाटतो. पुढे तारापूरच्या तिसऱ्या-चौथ्या अणुभट्टीसाठी अक्करपट्टी आणि पोफरण ही गावं उठली. भट्टी सरकारची, म्हणजे सिद्धान्ताप्रमाणे लोकांचीच. उठवले गेले तेही लोकच.

अणुकेंद्राच्या जवळच बोईसरची एमआयडीसी. रसायनं, औषधं, कापड, पोलाद. मार्क्सच्या पोथीतला खरा नायक, कारखान्याचा कामगार, या जिल्ह्यात कुठे असेल तर इथे. आणि नेमकं इथे दोन्ही परंपरांचे पाय रुततात. क्रांती ज्याने करायची तो कामगार बोईसरला, क्रांती केली ती डोंगरातल्या लग्नगड्याने. बोईसर हा आदिवासींसाठी राखीव मतदारसंघ आहे, पण २००९ पासून एकदाही तिथून लाल बावट्याचा आमदार झालेला नाही. कारखान्यांच्या सांडपाण्याने खाडी आणि किनारा नासला तेव्हा २०१६ साली हरित लवादाकडे दाद मागायला कोण गेलं? अखिल भारतीय मांगेला समाज परिषद. मासेमारी करणाऱ्या एका जातीची संघटना. कामगार ज्या नळीतून पगार घेतो त्याच नळीतून मांगेल्याच्या जाळ्यात विष येतं, आणि दोघांना एका बाकावर बसवणारं वाक्य निष्ठावंतांकडे नव्हतं, असंतुष्टांकडेही नव्हतं. शरद पाटलांना यात फारसं आश्चर्य वाटलं नसतं. वाढवणच्या बंदराविरुद्ध मच्छीमार, आदिवासी संघटना, बावटा, सगळे एका बाजूला आले खरे. तरी ३० ऑगस्ट २०२४ ला पालघरात त्या बंदराची पायाभरणी झाली. किनारा एकत्र आला. कारखान्याच्या फाटकाच्या आत मात्र अजून कुणाचंच काही जुळलेलं नाही.

सकाळी बोईसरच्या नाक्यावर उभं राहावं. उत्तर प्रदेशातली, बिहारातली, ओडिशातली, आणि विक्रमगड-जव्हारच्या पाड्यांवरची पोरं डबा घेऊन थांबलेली असतात. ठेकेदाराचा मुकादम येतो, बोटाने मोजतो, टेम्पोत भरतो. वर्षा-दोन वर्षांनी ठेकेदाराचं नाव बदलतं, मुकादम तोच राहतो, माणसाची नोकरी मात्र कागदावर पुन्हा पहिल्या दिवसापासून सुरू होते. बारा वर्षं एकाच रिअ‍ॅक्टरपाशी उभ्या राहिलेल्या माणसाची कारखान्याच्या मस्टरवर कधीच नोंद नसते. कागद दाखव, असं त्याला म्हटलं जातं. डहाणूच्या जंगलात अशा वेळी पाड्यावरचा म्हातारा उभा राहतो आणि सांगतो, हा इथंच कसत होता, याचा बाप पण इथंच कसायचा. बोईसरला त्याच्या खोलीत आणखी सात जण असतात. त्यातलं जुनं कुणी दोन वर्षांपूर्वी आलेलं, आणि तेही होळीला गावी गेलं की परत येईलच असं नाही.